न्हावऱ्याची राजनंदिनी

हौशीराम आप्पांचा आवाज रेडिओवर लागला की यवतच्या म्हशी पान्हा सोडायच्या, असं स्वतः आप्पाच सांगायचे. ऐकणारा हसला की लगेच म्हशीच्या मालकाचं नाव आणि म्हशीचं कुठलं शिंग मोडकं होतं तेही सांगून मोकळे व्हायचे. बत्तीस वर्षं त्यांनी दौंड आणि शिरूर तालुक्याच्या बातम्या रेडिओला पुरवल्या, जिल्ह्याच्या वार्तापत्रात स्वतः वाचल्या. भीमेला कमरेएवढं पाणी आलं तर आप्पांच्या बातमीत ते छातीला लागायचं. बोराएवढ्या गारा पुण्याला पोचेपर्यंत लिंबाएवढ्या व्हायच्या. फसवायचं म्हणून नव्हे. बातमी वरणासारखी असते, वरून तुपाची धार सोडल्याशिवाय ती पानात वाढू नये, असं त्यांचं प्रामाणिक मत होतं.

आता अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी त्यांचं पहिलं पुस्तक निघत होतं. पहिलं आणि बहुतेक शेवटचं. डॉक्टर हल्ली त्यांच्याशी न बोलता मुलाला बाहेर नेऊन बोलत, त्यावरून आप्पांनी काय ते ओळखलं होतं. जन्मभर बोललेलं सगळं हवेत गेलं. निदान चाळीस बातम्या तरी कागदावर उराव्यात, एवढीच त्यांची इच्छा. पुस्तकाचं नाव ‘राजनंदिनी’. नाव अर्थात त्यांच्या सगळ्यांत गाजलेल्या बातमीवरून.

ती बातमी सत्त्याऐंशी सालच्या उन्हाळ्यातली. न्हावऱ्याजवळच्या एका वस्तीवर विहिरीत उतरवलेलं ऑइल इंजिन चालू राहिलं, धूर कोंडला आणि खाली गेलेली दोन माणसं बेशुद्ध पडली. वर वीसेक बाप्ये नुसते वाकून बघत होते. तेवढ्यात मल्हारी धनगराची सतरा वर्षांची मुलगी तोंडाला ओलं फडकं बांधून खाली उतरली. दोघांच्या काखेतून दोर घातला, दोघंही वाचले. आप्पा दुसऱ्या दिवशी टेपरेकॉर्डर घेऊन हजर. सगळं विचारून झाल्यावर शेवटी नाव विचारलं. ती म्हणाली, नकुशी.

तीन मुलींच्या पाठीवर ही चौथी झाली, तेव्हा बापानं नाव ठेवलं होतं. मुलगी नको हे देवाला नीट कळावं म्हणून. वार्तापत्र वाचताना आप्पा त्या नावापाशी आले आणि त्यांना तिची दया आली. एवढी शूर पोर, आणि अख्ख्या जिल्ह्यानं तिला ‘नको’ म्हणून ओळखायचं? त्यांनी तुपाची धार सोडली. म्हणाले, “राजनंदिनी.”

पत्रांचा पाऊस पडला. त्या वर्षी दौंड तालुक्यात चाळीस मुलींची नावं राजनंदिनी ठेवली गेली, असं आप्पा सांगत. खरी तीन-चार असतील. पण त्या पोरीला आपण नवा जन्म दिला, हे समाधान त्यांनी पस्तीस-चाळीस वर्षं जपलं. न्हावऱ्याला पुन्हा जाणं मात्र कधी झालं नाही.

पुस्तकाची छापील पानं तपासायला आली, तेव्हा आप्पांना वाटलं, जिच्या नावाचं पुस्तक, तिला आधी दाखवावं. पानांची चळत पिशवीत घालून त्यांनी चौफुल्यावर न्हावऱ्याची एसटी धरली. न्हावऱ्यात उतरल्यावर चहाच्या टपरीवर राजनंदिनीचं घर विचारलं. बाकावरची माणसं एकमेकांकडं बघून हसली.

“राजनंदिनीबाईंचा राजवाडा व्हय? त्यो काय, कांद्याच्या चाळीमागं,” एकजण म्हणाला.

नाव गावात रुजलं, या आनंदात आप्पांना ते हसू कळलंच नाही.

चाळीमागं पत्र्याच्या घरासमोर एक बाई कांद्याची पात कापत बसली होती. दारात उभ्या तिच्या सुनेनं, पूनमनं, पाहुणा पाहिला आणि तोंडाला पदर लावून म्हणाली, “अवो राजनंदिनी, पाव्हनं आल्यात तुमच्याकडं,” आणि आत भांडी घासायला गेली.

आप्पांनी ओळख सांगितली. बाईच्या हातातला विळा थांबला. त्यांनी रंगात येऊन पत्रं सांगितली, चाळीस मुली सांगितल्या, पुस्तक सांगितलं. ती ऐकत राहिली. मग खाली बघून सावकाश बोलू लागली.

त्या दिवशी बापानं वाडीतून रेडिओ मागून आणला होता. सेल उन्हात तापवून घातले होते. चार दिवस तो येईल त्याला सांगत होता, की आपल्या नकुशीचं नाव आता सरकार घेणार. सगळी वस्ती अंगणात बसली होती, आणि बाप रेडिओला कान लावून.

“तुम्ही राजनंदिनी म्हणला,” ती म्हणाली. “बा म्हणला, ही कुनाची पोर? मग त्याच्या ध्यानात आलं. रेडू बंद केला, आन् म्हणला, ह्यांना बी तुझं नाव नकोच दिसतंय.”

आप्पा काही बोलायला गेले. तिनं विळ्याच्या मुठीनंच त्यांना थांबवलं.

“तवापासनं गाव मला राजनंदिनी म्हणतंय. डोक्यावर शेणाची पाटी आसली की, आली राजनंदिनी. नवरा दारू पिऊन मारायचा तवा बी राजनंदिनीच. नकुश्या गावात तीन हुत्या आप्पा, त्या नावाला कुनी हसत नव्हतं. पुढं शाळंतल्या बाई आल्या, नाव बदलून देती म्हणल्या. म्या न्हाई म्हणलं. ह्या नावानं म्या हिरीत उतरले. त्ये माझं हाय.”

आप्पांनी पिशवीतून पेन काढलं. पानावर जिथं जिथं राजनंदिनी होतं, तिथं काट मारून नकुशी लिहिलं. अकरा ठिकाणी. अक्षर नीट काढलं. मग पुण्याला अनुपमाताईंना फोन लावला. पुस्तक त्याच काढत होत्या. आप्पांना कमी ऐकू यायचं म्हणून फोन मोठ्या आवाजावर असायचा, हे त्यांच्या लक्षात राहिलं नाही.

अनुपमाताईंनी सगळं ऐकून घेतलं. आत बदलू, म्हणाल्या, पण मुखपृष्ठ छापून झालंय, आणि राजनंदिनी नाव दुकानात उठून दिसतं.

“नकुशी?” त्यांचा आवाज अंगणभर पसरला. “छे हो आप्पा, ते नाव नको.”

बाईनं मान वर केली नाही. कांदा उचलला, पात कापली, कांदा ढिगावर टाकला.

“मग पुस्तकच नको,” आप्पा म्हणाले आणि फोन बंद केला. तो पुन्हा दोनदा वाजला. त्यांनी उचलला नाही.

“कशाला तोडलं?” ती म्हणाली. “तुमचं तरी नाव आलं आसतं.”

आप्पांनी पानांची चळत मांडीवर घेऊन नीट लावली. तिनं विचारलं, की त्या कागदात लिहिलंय तरी काय. तिला वाचता येत नव्हतं. आप्पांनी चष्मा पुसला आणि रेडिओवर वाचायचे तसं ठासून, थांबत वाचलं. बातमी विहिरीपर्यंत आली, तिथं नकुशीनं अडवलं.

“साठ हात न्हवती. तीस हात आसंल.” मग म्हणाली, “आसू द्या साठ. खोल वाटंल.”

वाचून झालं. ती पदराला हात पुसत राहिली. बा ऐकायला पायजे हुता, एवढंच म्हणाली. मग घराच्या दाराकडं बघून आवाज खाली आणला.

“आप्पा, पुन्यांदा वाचा. जरा मोठ्यानं. सून आत हाय.”

आप्पा उभे राहिले. छातीत कळ आली, ती दाबून धरली. दाराकडं तोंड केलं आणि होता नव्हता तेवढा आवाज लावून पहिली ओळ म्हणाले, “न्हावऱ्याच्या मल्हारी धनगराची मुलगी, नकुशी...”

आत भांडी वाजत होती. ती वाजायची थांबली नाहीत. आप्पा वाचत राहिले.