माणिकबाईचा मोकळा दिवस

"पुढं वाच," माणिकबाई म्हणाली. सुई तिने थांबवली नव्हती. संध्याकाळचे देवळाचे हार व्हायचे होते आणि दुपारचे दोन वाजून गेले होते.

रागिणीने पान उलटलं. जाडजूड पुस्तक होतं, मुखपृष्ठावर दोन चंद्र. त्या दोन चंद्रांच्या राज्यात महिना तिथींवर चालत नव्हता, फुलांच्या तोड्यांवर, म्हणजे तोडणीच्या खेपांवर, चालत होता. नऊ तोडे झाले की एक महिना. पहिला महिना गलांड्याचा, दुसरा झेंडूचा, तिसरा शेवंतीचा. मोठा चंद्र महिने मोजायचा आणि धाकटा चंद्र तोडे.

"माय, हे तर तुहं हाय," रागिणी म्हणाली.

तिचंच होतं. रागिणी पाच वर्षांची असताना दसऱ्याच्या दिवशी रडून बसली होती. सगळ्यांच्या आया सणाला घरी असतात, आपलीच काहून नसते? काय सांगणार? लोकांचा सण म्हणजे फुलवाल्याची मरमर. दसरा असो, दिवाळी असो, वलगावच्या आपल्या शेतातला झेंडू पहाटे तोडून उजेडायच्या आत अमरावतीच्या बाजारात पोचला पाहिजे. म्हणून माणिकबाईने पोरीचं नाक पुसता पुसता त्या संध्याकाळी एक वेगळा देश रचला, त्याला दोन चंद्र दिले आणि नवीन पंचांग दिलं. त्या पंचांगात एक मोकळा दिवस होता. त्या दिवशी फूल झाडावरच राहणार, देवालाही मिळणार नाही. आणि तो कधी, हे राजा सांगणार नाही, भटजी सांगणार नाही. ज्याचे हात फुलं तोडतात त्यानेच उठून म्हणायचं, आज माझा मोकळा दिवस. वर्षातून एकदा. रागिणीने त्या पंचांगाचं चित्र खडूने भिंतीवर काढलं होतं आणि वामनरावांनी, म्हणजे तिच्या बापाने, दोन दिवाळ्या भिंतीचा तेवढा भाग सोडून चुना मारला होता.

हेच पंचांग तिने आणखी एकाला सांगितलं होतं. अमरावतीच्या वकील रविकांतांकडे ती रोज पूजेची फुलं द्यायची. त्यांचा केदार शाळेत जायचं म्हटलं की ओट्यावर फतकल मारायचा. मग फुलं निवडता निवडता ती त्याला एकेक महिना सांगायची आणि पोरगं दप्तर उचलायचं. तोच केदार आता पुण्यात असतो आणि त्यानेच हे पुस्तक लिहिलं होतं. उद्या रविवारी अकरा वाजता अमरावतीत प्रकाशन. व्यासपीठाच्या माळा, पाहुण्यांचे हार, सगळं माणिकबाईकडे होतं. रमावहिनींनी, केदारच्या आईने, सकाळी ते पक्कं करतानाच पुस्तकाची एक प्रत दिली होती, रागिणीला वाचायला म्हणून.

प्रस्तावनेत केदारने लिहिलं होतं, ही कालगणना रचायला मला चार वर्षं लागली. ते ऐकून माणिकबाई हसलीच. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात ते हेच. पण लेकराने गोष्ट लक्षात ठेवली, याचं तिला बरंही वाटलं होतं. खोटं कशाला बोला.

मग रागिणीने मोकळ्या दिवसाचं पान वाचलं. पुस्तकात तो दिवस राजज्योतिषी जाहीर करत होता. त्या दिवशी राज्यातल्या सगळ्या माळणी वर्षातला सगळ्यात चांगला तोडा डोक्यावर घेऊन राजवाड्यात जात होत्या, राजाच्या पायरीवर ओतत होत्या आणि गाणी म्हणत होत्या.

सुई थांबली. "पुन्हा वाच," माणिकबाई म्हणाली. रागिणीने पुन्हा वाचलं. माणिकबाईने उरलेले हार पोरीच्या पुढ्यात सरकवले, चप्पल घातली आणि शेअर ऑटो धरून अमरावती गाठली.

वकिलांच्या घरी उद्याची गडबड होती. केदार धावत पुढे आला, वाकून नमस्कारही केला. माणिकबाईने सरळ विषय काढला. रविकांतांनी चष्मा पुसत कायदा सांगितला की, कल्पना कोणाच्या मालकीची नसते, लिहील त्याचं पुस्तक. केदारला तेवढी तरी लाज होती. तो म्हणाला, पुढच्या आवृत्तीत आभारांमध्ये मावशींचं नाव नक्की घालतो.

"नाव नको मले," माणिकबाई म्हणाली. "तो दिवस जसा होता तसा लिही."

मग त्याने तिला समजावलं, लहान मुलीला समजवावं तसं. कथेला उत्सव लागतो. वाचकाला डोळ्यांपुढे काही घडताना दिसावं लागतं. एक बाई फुलं तोडत नाही आणि घरी बसते, यात दाखवायचं काय?

माणिकबाईच्या डोक्याची शीर तडतडली. एकवीस वर्षं या घराचा देव तिच्या फुलांनी सजला होता. वामनराव गेले तर तिसऱ्या दिवशी ती परडी घेऊन याच ओट्यावर उभी होती. यांच्या पोराने तिचा देश नेला, चंद्र नेले, महिने नेले, आणि एवढ्या मोठ्या राज्यात माळणीला एक दिवस ठेवायला याचं मन झालं नाही. तिथेही तिला कामालाच लावलं, वर गाणी म्हणायला लावली.

"बापू, तू लहान असताना मले इचारलं होतं, मावशी, तुमचा मोकळा दिवस कधी येतो? आठवते का तुले?"

केदारने मान खाली घातली. आठवत होतं.

"मी म्हटलं होतं, येईल कवातरी. तो उद्या हाय."

कोणाला काही उमगेना. रमावहिनींनी हळूच विचारलं, मग हार? माणिकबाई म्हणाली, ते झाडावर आहेत आणि झाडावरच राहतील. रविकांत ताडकन म्हणाले, तुम्ही शब्द दिला होता, आजवर कधी मोडला नाही. हे तिला लागलं, कारण ते खरं होतं. ती पायरीवरूनच मागे वळली.

"नाई मोडला, वकीलसाहेब. म्हणूनच माहा एक दिवस तुमच्याकडं निंघते."

बाजारातला सहदेव उद्या हवे तितके हार देईल, त्याला मी सांगून जाते, असं म्हणून ती उतरली. तशी ती गेलीही त्याच्याकडे, आणि त्याला हारांची लांबीसुद्धा सांगून आली. केदार फाटकापर्यंत तिच्या मागे आला होता.

दुसऱ्या दिवशी सवयीप्रमाणे पहाटेच जाग आली. हातांना काय करावं कळेना. तिने दोनदा परडी उचलली आणि दोनदा ठेवली. मग रागिणीने चहा केला आणि मायलेकी बांधावर जाऊन बसल्या. फोन दोनदा वाजला. रागिणीने आईकडे पाहिलं, आईने नको म्हणून मान हलवली.

ऊन वर आलं तसा झेंडू चहूकडून पिवळाधमक उघडला. आणि मधमाशा आल्या, शेकड्यांनी, अख्खं वावर गुणगुणायला लागलं. या वेळी माणिकबाई रोज बाजारात असायची आणि उमललेलं फूल टोपल्यात. या शेतात तिचा जन्म गेला होता.

"रागिणी," ती म्हणाली, "या रोजच येतेत का वं?"