ओद्नीचं माप

माझे सासरे इल्लुगी दर रविवारी चर्चमध्ये मान खाली घालून बसायचे, पण त्यांचा जीव जुन्या देवांत होता. घरी आले की खाटेखालची पेटी ओढायची आणि पुस्तक मांडीवर घ्यायचं. वासराच्या कातड्याची पानं, पिढ्यान् पिढ्या चुलीचा धूर खाऊन काळीकुट्ट झालेली. अक्षर दिसायला पान दिव्याशी तिरकं धरावं लागे. हिवाळ्यात आम्ही लोकर विंचरत बसलो की ते वाचायचे. एका डोळ्याचा देव ओदिन, राक्षस, जग कसं झालं आणि शेवटी कसं बुडणार. असं पुस्तक अख्ख्या मुलखात दुसरं नाही, हे दर वेळी सांगायचे. मी मनात म्हणायचे, एकच पुरे आहे.

मला त्या देवांचं फारसं कौतुक नव्हतं. सगळे खादाड आणि भांडकुदळ. त्यांच्या घरात भांडी कोण घासतं, हे एकाही पानावर लिहिलेलं नव्हतं. मला एकच गोष्ट आवडायची, गाईची. सगळ्याच्या आधी नुसता बर्फ होता आणि त्या बर्फात एक गाय. खायला काहीच नाही म्हणून ती खारट दगड चाटत राहिली. चाटता चाटता पहिल्या दिवशी दगडातून माणसाचे केस वर आले. दुसऱ्या दिवशी डोकं. इथं मामंजी थांबायचे आणि माझ्या लेकीकडे बघायचे.

"आणि तिसऱ्या दिवशी, ओद्नीबाई?"

"अख्खा माणूस," ओद्नी म्हणायची, जणू तो माणूस तिनंच ओढून काढलाय. चार वर्षांची होती.

तिला बंडी शिवायची म्हणून त्या वसंतात मी त्या पुस्तकातलं एक सुटं झालेलं पान घेतलं. यात मी जगावेगळं काही केलं नाही. आमच्याकडे जुनी पानं बुटाच्या तळाला घालतात, टोपीला आतून लावतात. आणि शिवणाच्या मापाला तर कातड्याच्या पानासारखं दुसरं काही नाही, दुमडत नाही की विरत नाही. ओद्नीला पालथी झोपवली, पान पाठीवर ठेवलं, कोळशानं रेघ मारली. गुदगुल्या होऊन ती इतकी हलत होती की एक खांदा दुसऱ्यापेक्षा खाली आला. मग गळा गोल कापला, बाह्यांच्या जागा कापल्या आणि कडेकडेनं सुईनं भोकं पाडली.

ते पान नेमकं गाईचं निघालं.

मामंजींनी माझ्याशी बोलणं टाकलं. गवत कापणीपर्यंत आमचा सगळा व्यवहार मांजरामार्फत चालला.

"मांजरे, या बाईला सांग, ताक संपलंय."

"मांजरे, त्यांना सांग, बुधला कोपऱ्यात आहे आणि देवानं दोन हात दिलेत."

माझा नवरा बेर्गुर बिचारा मध्ये बसून हसू दाबायचा. गाईची गोष्ट मात्र थांबली नाही. पान गेलं तरी मामंजींना ती तोंडपाठ होती, आणि ओद्नी रोज मागायची.

मग त्याच उन्हाळ्यात पूर्वेला जमीन फाटून आग बाहेर पडली. आग आम्ही पाहिली नाही, आमच्याकडे धूर आला. निळसर, गंधकाच्या वासाचा, घशाला झोंबणारा. ऐन उन्हाळ्यात सूर्य वितळल्या तांब्यासारखा दिसायचा आणि त्याच्याकडे उघड्या डोळ्यांनी बघता यायचं. गवत पिवळं पडलं. मेंढ्यांचे सांधे सुजले, दात वेडेवाकडे वाढले, तोंडाशी गवत असून चावता येईना. आमची गाय स्क्राउता हिवाळ्याच्या तोंडावर बसली ती उठलीच नाही. तिचं मांस हाडाला चिकटलेलं होतं, तरी खाल्लं.

नाताळ झाल्यावर बेर्गुर समुद्रकाठी निघाला. दर वर्षी जायचा, मासेमारीच्या होड्यांवर. या वेळी निघताना त्यानं पाठ फिरवून पट्टा बांधला, म्हणजे मला त्याचं तोंड दिसू नये.

"मी मासे घेऊन येतो, ग्रोआ. तू एवढंच कर, तोवर पोर जगव."

एवढंच. जसं काही मी दुसरं काही करणार होते.

घोडा खाल्ला. मेंढ्यांची कातडी केस भाजून उकळली. चामड्याचे दोर, खोगिराचा पट्टा, बेर्गुरची जुनी कातडी विजार, एकेक करून सगळं हंड्यात गेलं. बर्फ उकरून दगडफूल काढायचे, पण पुढं बर्फच दगड झाला आणि माझ्या हातात फावडं उचलायचा जीव राहिला नाही. ओद्नीच्या हिरड्यांतून रक्त यायला लागलं. बंडी तिला सैल व्हायला लागली. मुलांचे कपडे घट्ट होतात, सैल होत नाहीत, हे ज्या आईला माहीत आहे तिला मी आणखी काही सांगायला नको.

शेवटी बूटही संपले. तेव्हा मी मामंजींसमोर जाऊन उभी राहिले.

"मामंजी, पेटीत वासरं आहेत."

"पेटीत पुस्तक आहे."

"आणि पुस्तक कशाचं आहे?"

त्यांनी पेटीवर हात ठेवला. मग म्हणाले, "गाई पुन्हा येतील, सूनबाई. घोडे येतील. हे पुन्हा कुणी लिहिणार नाही."

"आणि ओद्नीला कोण पुन्हा लिहिणार आहे?"

"बेर्गुर येईल ना."

"येईल. मग त्याला वाचून दाखवा. पोर कुठंय विचारलं तर तेही त्यातच शोधा."

ते पेटीवर बसले. मी पेटीची दोरी धरून ओढली. त्यांनी मला ढकललं. दोघांच्याही अंगात ताकद नव्हती, म्हणून ते भांडणसुद्धा धड झालं नाही. दोघं जमिनीवर धापा टाकत बसलो, एकमेकांकडे न बघता. मला तेव्हा त्यांचा इतका राग आला होता की ते आत्ता मेले तर बरं, असं वाटलं.

दुसऱ्या दिवशी ते पेटीशेजारी बसून पेंगत होते. मी चुलीशी बर्फ वितळवत होते. वळून पाहिलं तर ओद्नीनं पेटी उघडली होती. पुस्तक दोन्ही हातांत धरून ती त्याची कड चाटत होती. किती पिढ्यांच्या हातांचा घाम त्या कडेला मुरला होता.

मामंजींचे डोळे उघडले.

"खारट आहे, आजोबा," ती म्हणाली. "मी गाय झालेय."

त्यांचा चेहरा मी अजून विसरले नाही. त्यांनी तिच्या हातातून पुस्तक घेतलं, कमरेचा चाकू काढला आणि मागच्या शिवणीचे दोरे एकेक करून कापले. पहिलं पान तिरकं धरून सावकाश वाचलं, अगदी शेवटच्या शब्दापर्यंत. मग माझ्याकडे दिलं.

"घाल हंड्यात," म्हणाले.

पान आधी आकसतं, मग फुगतं. पाण्यावर काळा फेस येतो, शाईचा आणि धुराचा, तो काढून टाकायचा. शेणीच्या विस्तवावर बराच वेळ शिजलं की खाली चिकट रस उरतो, सरसासारखा. त्याला गोठ्याचा वास यायचा. ओद्नी लाकडी वाडगा दोन्ही हातांनी धरून प्यायची.

तिला तो खेळच वाटायला लागला. "आज काय आहे, आजोबा?"

"आज राक्षसांची लढाई."

"काल कोण होतं?"

"काल लग्न होतं. देवांकडचं."

"लग्न जास्त चांगलं लागलं," ती म्हणाली, आणि मामंजी हसले. त्या हिवाळ्यात त्यांना हसताना मी तेवढंच पाहिलं.

स्वतः मात्र ते तोंड लावेनात. मी वाडगा पुढं केला की मागं सारायचे.

"जन्मभर तेच खाल्लंय मी. आता तिला दे."

"तुमच्याशिवाय मला हे जमायचं नाही, मामंजी." हे मी मनापासून म्हणाले. मांजर तर केव्हाच हंड्यात गेलं होतं, आता आम्हाला एकमेकांशी बोलण्यावाचून गत्यंतर नव्हतं.

"तुला सगळं जमतं," ते म्हणाले. "कातरसुद्धा चांगली चालते तुझी."

पुस्तक संपायच्या आधी ते संपले. एका सकाळी पान वाचता वाचता थांबले, मला वाटलं अक्षर लागत नाहीये. पुढची पानं मी न वाचताच हंड्यात घातली. मला धर्माची पोथी वाचता यायची, पण ती जुनी काळी अक्षरं कुठं लागायला. त्यांत काय होतं ते आता कुणालाच कळणार नाही. खरं सांगायचं तर मला त्याचं काहीच वाटलं नाही. मी फक्त किती पानं उरली ते बोटांनी चाचपत होते.

मग पानंही संपली. पुठ्ठ्यावरचं कातडं शिजवलं, बांधायची वादी शिजवली. ओद्नी आता उठत नव्हती. मी तिला माझ्या अंथरुणात, अंगाशी घेऊन पडून राहायचे आणि दाराकडे कान लावायचे.

"गाईची सांग," ती म्हणाली.

मला गोष्ट सांगता येत नाही. तो मामंजींचा प्रांत. तरी सांगितली. बर्फ होता आणि एक गाय होती. खायला काहीच नव्हतं, म्हणून ती खारट दगड चाटायला लागली. पहिल्या दिवशी केस वर आले. ओद्नीचे केस माझ्या हनुवटीला लागत होते. दुसऱ्या दिवशी डोकं.

"आणि तिसऱ्या दिवशी, ओद्नीबाई?"

मी थांबले. पुन्हा विचारलं. मग पुन्हा विचारलं नाही.

बेर्गुर त्यानंतर आला, बर्फ जरा मऊ पडल्यावर. पाठीवर सुक्या माशांच्या मुंडक्यांचं ओझं, पायांना चिंध्या गुंडाळलेल्या. दारातूनच त्यानं हाक मारली, "ओद्नी, बघ बाबानं काय आणलंय."

मी उठले, त्याच्या ओझ्यातलं एक मुंडकं ओढलं आणि खायला लागले. तो माझ्याकडे बघत उभा राहिला, मग त्यानं अंथरुणाकडे पाहिलं. मी खातच होते. पोटाला लाज नसते, हे मला त्या दिवशी कळलं.

उन्हाळ्यात लोकरीचं गाठोडं छपराच्या लाकडांतून काढलं तेव्हा त्यातून ते माप खाली पडलं. मी ते साफ विसरले होते. जमिनीवर पडलं होतं, दोन खांदे, गोल गळा, कडेला सुईची भोकं. माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की याचा एक वाडगा झाला असता. एक वाडगा म्हणजे एक दिवस, आणि बेर्गुर तेव्हा एकेक दिवस करत घराकडेच येत होता. मी स्वतःच्या थोबाडीत मारून घेतली. बेर्गुरनं माझे हात धरून ठेवले.

पुढच्या वर्षी बिशपच्या शाळेतला फिन्नबोगी नावाचा तरुण आला. जुनी पुस्तकं गोळा करत गावोगाव हिंडत होता. इल्लुगींकडे काय होतं ते त्यानं ऐकलं होतं.

"ते आम्ही खाल्लं," मी सांगितलं.

त्याला वाटलं मी थट्टा करतेय. मग भिंतीवर टांगलेलं माप त्याला दिसलं. खाली उतरवून खिडकीशी नेलं, तिरकं धरलं. मामंजी धरायचे तसंच.

"अरे देवा," तो म्हणाला. "हे तर कुठंच नाही. कुण्या अडाण्यानं कातर लावली याला?"

"मी लावली."

त्याचे कान लाल झाले. मग घाईघाईनं म्हणाला, "हे मला द्या. बदल्यात गाय देतो. दुभती."

आमच्याकडे तेव्हा एक मेंढी होती. बेर्गुर पुढं सरकला. "ग्रोआ, गाय म्हणतोय तो."

"ऐकलं मी."

"नुसतं चामडं आहे गं. त्यानं आता काय होणार?"

मी फिन्नबोगीच्या हातातून ते घेतलं आणि खाटेवर पसरलं, पालथं, तेव्हा ठेवलं होतं तसं. "हा खांदा बघ खाली गेलाय," मी म्हणाले. "हलत होती. गुदगुल्या होत होत्या तिला."

बेर्गुरनं हात ठेवून बघितला. त्याचा पंजा एका खांद्यापासून जवळजवळ दुसऱ्यापर्यंत पोचत होता. त्यानं हात तसाच ठेवला. गाईचं पुन्हा काढलं नाही.

"हे मिळणार नाही," मी फिन्नबोगीला सांगितलं. "काय लिहायचं ते इथं बसून लिहून घ्या."

तो शहाणा होता, बसला. शब्दाशब्दावर बोट ठेवत मोठ्यानं वाचत गेला आणि उतरवत गेला. बर्फ, गाय, खारट दगड. पहिल्या दिवशी केस. दुसऱ्या दिवशी डोकं. मग त्याचं बोट गळ्याच्या गोल भोकाशी येऊन थांबलं.

"इथलं गेलंय," तो म्हणाला. "बाई, तुम्हाला आठवतं का? तिसऱ्या दिवशी काय?"

बेर्गुर माझ्याकडे बघत होता.

"अख्खा माणूस," मी म्हणाले. "लिहा."