अक्षता पडल्या

रणधीरभाऊसंगं म्या जनरेटर घेऊन हिंडतोय, ते त्याची दाढी काळी व्हती तवापसनं. सोनारीच्या जत्रंत त्यानं हुंड्यावर नाटक केलं, तवा लोकांनी चपला हाणल्या. गडी चपला चुकवीत बोलला, पर एक वाक्य गाळलं न्हाय. मग सिनिमे आले, दिल्लीचं बक्षीस आलं, तरी सवय तीच. खोटं खपत न्हाय त्याला. भाकर दाखवायची तर चुलीवर भाजलेलीच पायजे.

ह्या खेपंला सिनिमा बालविवाहावर. शूटिंग जळकोटात. नवरी झाली माणिकप्पाची शिवप्रिया, नववीतली पोर. नवरा धोंडप्पाचा रुद्रेश, कॉलेजातला. दोघं एकाच समाजाची. भाऊनं मांडव खरा घातला, जंगम स्वामी खरा आणला, पोरीमागं तिचा सख्खा मामा उभा केला. सारं गाव जेवायला. स्वामींनी मंगलाष्टका पुऱ्या म्हणल्या, अक्षता पडल्या, रुद्रेशनं मंगळसूत्र बांधलं.

"कट!" म्हणून भाऊनं डोळं पुसलं. एका दमात जमलं व्हतं.

तेवढ्यात धोंडप्पा उठला. लई जमीनजुमला, गावात शब्दाला वजन.

"स्वामी, काय राहिलं का?"

"न्हाय जी. समदं झालं."

"मग सुनंला घरी न्यायचं बघा."

लोकं हसली. म्या बी हसलो. धोंडप्पा हसला न्हाय.

माणिकप्पा हात जोडून म्हणाला, "मालक, हे तर सिनिमाचं..."

"अक्षता सिनिमाच्या व्हत्या? तूच टाकल्यास की. समद्या गावानं बघितलं. आता हिला दुसरं कोण करून घेईल, सांग."

माणिकप्पाची मान खाली गेली. त्याला ते पटाय लागलं. शिवप्रियानं गळ्यातलं काढाय हात घातला, तशा बायका "अगं अगं, अभद्र!" म्हणत धावल्या अन् तिचं मनगट धरलं.

"आई, मला शाळंला जायचंय," पोर वरडली. पार्वतम्मा, तिची आई, गर्दीत घुसली, पर कुणी वाट देईना.

रुद्रेश पुटपुटला, "अप्पा, सोडा की."

"तू गप बस."

भाऊ पुढं झाला. "धोंडप्पा, पोर पंधराची हाय."

"म्हणूनच तर तुमी तिला घेतली. तुमाला लहानच नवरी पायजे व्हती न्हवं? लग्न लावलं कुणी, मी का तुमी?"

भाऊनं खिशातनं फोन काढला, लहान पोरांच्या हेल्पलाईनला लावला अन् आवाज मोठा केला.

"हॅलो बाई, जळकोटात बालविवाह झालाय. मंडपात मुलगी अडवून ठेवलीय. लग्न मी लावलं. नाव लिहा, रणधीर."

म्या त्याची बाही धरली. "भाऊ, येडं झाला का? पयला गुन्हा तुमच्यावर!"

"पडू दे." अन् फोनवर, "दुसरं नाव लिहा, मंत्र म्हणणारे स्वामी. तिसरं, नवऱ्याचे वडील धोंडप्पा..."

"थांबा की वो!" स्वामी पाट सोडून उठले. "धोंडप्पा, बोल काय तर! म्या न्हाय जायचा आत!"

तिकडनं बाई इचारायली, "नवऱ्याच्या वडिलांचं पूर्ण नाव?"

बायकांनी पोरीचं मनगट सोडलं. शेवटी फोनकडं तोंड करून धोंडप्पा खेकसला, "बाई, लग्न-बिग्न काय न्हाय. सिनिमा हाय. समदं खोटं!"

"आमची माणसं येतायत. त्यांच्यासमोर हेच सांगा."

"सांगतो," म्हणाला अन् पायताण घालून मांडवाबाहीर जाऊन उभा राहिला.

पार्वतम्मानं पोरीच्या गळ्यातलं मंगळसूत्र काढलं अन् भाऊच्या हातात ठेवलं. "साहेब, उद्यापसनं आमची पोरगी येणार न्हाय."

"व्हय ताई."

पोरीबिगर सिनिमा कसला? निम्मं काम राहिलं व्हतं. भाऊ कॅमेरावाल्याकडं वळला.

"आत्ताचा शॉट पुस."

"भाऊ, सगळा सिनिमाच त्यात हाय! एवढं खरं परत न्हाय जमायचं."

"पुस म्हणतो न्हवं? हा जिथं जिथं दाखवू, तिथं तिथं तिचं लग्न लागंल."

त्यानं पुसलं. भाऊ मांडवातच खुर्ची टाकून, येणाऱ्या माणसांची वाट बघत बसला. म्या त्याच्या बाजूला बसलो.