आमच्या ह्यांनी मागे घेतलेलं अपील

"वहिनी, आता तुम्हीच समजवा ह्यांना," वकील कोर्टाच्या व्हरांड्यात हात जोडून म्हणाले. "खटला जिंकत आलोय आपण. हातातोंडाशी आलेला घास कुणी टाकतं का?"

मी काय समजावणार? महिनाभर समजावून माझाच घसा बसला होता. आमचे हे शिंपी. एकदा कात्री लावली की मागे फिरायचं माहीत नाही.

रस्ता रुंद करण्यासाठी दुकानाचा पुढचा अर्धा भाग पाडायचा, असा सरकारी हुकूम निघाला होता. त्याविरुद्ध अपील करायला ह्यांनीच आकाशपाताळ एक केलं. स्थगिती मिळाली. रस्ता दोन्हीकडून रुंद झाला आणि आमच्या दाराशी तेवढा चिंचोळा राहिला. गेल्या महिन्यात समोरची बेकरीवाली घरी कोसळली. तिला घेऊन निघालेली अँब्युलन्स नेमकी आमच्या दुकानापाशी ट्रकपुढे अडकली. ह्यांनी स्वतः पुढचा पत्रा उपटला, ट्रक मागे घ्यायला लावला, पण उशीर झाला. ती वाटेतच गेली. आम्हाला कुणी बोल लावला नाही. बेकरीवाला तर काहीच बोलला नाही, आणि तेच ह्यांना सहन होईना.

"अपील मागे घ्यायचं," हे म्हणाले.

"आणि शिवणार कुठे? माझ्या डोक्यावर?"

"मागच्या अर्ध्यात."

"तिथे कापायचं टेबल मावत नाही!"

"मग टेबल लहान करू."

कप्पाळ माझं!

मला वाटलं, मागे घ्यायला कितीसा वेळ लागणार! पण आत सुनावणीला सरकारी वकील उठले. "साहेब, मुदत हवी. हे अचानक माघार का घेताहेत, वर विचारावं लागेल." ऐका! दुकान पाडायचं म्हणून इतकी वर्षं जीव खाल्ला, आणि आता आपणहून देतोय तर सरकारला मुहूर्त हवा.

न्यायाधीशही वैतागले. "अहो, फायदा तुमचाच आहे ना? मग मुदत कसली?" मग त्यांनी ह्यांना विचारलं, "तुमच्यावर कुणाचा दबाव आहे का?"

"आहे, साहेब."

आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला.

"कुणाचा?"

"सकाळी दुकान उघडलं की समोर बेकरीचं बंद शटर दिसतं. त्याचा."

वकिलांनी हळू आवाजात सगळं सांगितलं. मग न्यायाधीशांनी अपील मागे घेतल्याची नोंद करून प्रकरण निकाली काढलं.

आता लगेच पाडायला येतील, म्हणून आम्ही सामान मागे हलवलं. कोण येतंय! कचेरीत गेलं की, "मशीन दुसरीकडे गेलंय, पुढच्या आठवड्यात बघू." शेवटी एका सकाळी ह्यांनी शिडी लावली आणि छपराचे पत्रे स्वतःच खोलायला घेतले. मी खाली उभी राहून तोंडाचा पट्टा सोडला होता. या वयात पडले तर कोण बघणार, सरकार? शिडी डुगडुगत होती, पण ऐकतील तर शपथ.

तेवढ्यात रस्ता ओलांडून बेकरीवाला आला. त्याने दोन्ही हातांनी शिडी धरली आणि वर बघितलं.

"जपून, भाऊ," तो म्हणाला.

बायको गेल्यापासून तो आमच्याशी पहिल्यांदाच बोलला होता. हे वरच थांबले. पत्रा हातात तसाच धरून कितीतरी वेळ त्यांना पुढचा स्क्रू खोलता येईना.