घुमीचा एक टोला

भाटघरच्या धरणात पाणी अडवायला लागून आठ-दहा वर्षं झाली होती, तेव्हाची गोष्ट. वेल्ह्याच्या वरच्या अंगाला आमची धनगरांची वाडी. माझ्या नवऱ्याचं नाव हैबती. या वयात नाव घ्यायला मला कुणाची चोरी नाही. कड्यात अडकलेलं कोकरू काढायला तो उतरला आणि पाय निसटून खाली गेला. एका कोकरासाठी! मला आधी राग आला, रडू नंतर फुटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी बायका माझ्या बांगड्या फोडायला आल्या. मी हात मागे घेतले, अडीच वर्षांच्या ठकूला कडेवर घेतलं आणि तडक बिरोबाच्या देवळात गेले.

देवळामागे घुमी आहे. काशाचं रांजणाएवढं भांडं, गळ्यापर्यंत जमिनीत पुरलेलं. लोकर गुंडाळलेल्या दांडक्याने तिच्यावर एक टोला दिला की कालचा दिवस परत येतो. वाडीत हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि म्हणूनच तिच्या वाटेला कुणी जात नसे.

"बाबा, मला कालची सकाळ द्या," मी पुजारी चिमाजीला म्हटलं.

"साळे, त्यो काय खेळ हाय व्हय? माज्या बानं एकदाच वाजवली. मरंस्तवर त्यावर बोलला न्हाई."

"तुमी न्हाई वाजवली तर म्या वाजवीन."

म्हातारा नमला. मग म्हणाला, "घुमी घुमत आसताना काशाचा दुसरा आवाज झाला, तर त्योबी तिला टोलाच वाटतुया. येका आवाजाला येक दिस मागं. घंटी आज गप केली, तर मागच्या दिसांतबी ती गपच ऱ्हाती. वाडीतल्या समद्या घंट्या गप कर, मग ये."

घंटी गप करायची रीत आमच्यात जुनी. तिच्यात लोकर कोंबायची. पण कातरण होऊन आठच दिवस झाले होते आणि सगळी लोकर घोंगड्या विणायला सणगराकडे गेली होती. वाडीत काशाची घंटी एकच, आमच्या चंद्रीच्या गळ्यात. कळपाच्या पुढे चालणारी शेळी ती. दारात नवरा घोंगडीखाली पडलेला, मला कुठला दम निघतोय? मी मूठभर हिरवं गवत उपटलं आणि घंटीत ठासून भरलं.

मी धनगराची लेक. शेळीच्या गळ्यात हिरवं गवत बांधलं! बाकीच्या शेळ्या काय उपास करणार होत्या? आजही आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

घुमीला हात लावून उभं राहील त्यालाच पुढे सगळं आठवतं. चिमाजीने एक हात तिच्यावर ठेवला, मीही ठेवला. ठकू माझ्या कडेवर गुळाचा खडा चोखत होती. त्याने टोला दिला.

आवाज कानांत आला नाही, तळपायांतून चढला. वर आलेला सूर्य मागे सरकला, अंधार झाला, पुन्हा उजेड झाला. कालची सकाळ! माझा जीव भांड्यात पडला.

आणि तेवढ्यात शेळ्यांच्या वाड्यातून ऐकू आलं, टण.

पुन्हा टण. मग टणटणटण. शेळ्यांनी गवत ओढून खाल्लं होतं आणि चंद्री चालत होती. दिवस-रात्री पापणी लवावी तशा उलटायला लागल्या. "दाब! दाब तिला!" म्हणत चिमाजी घुमीवर पालथा पडला. घुमी थांबेना. प्रत्येक मागच्या दिवशी घंटी तिथे होतीच, चंद्रीच्या गळ्यात.

माझ्या कडेवरचं ओझं हलकं होत होतं. मी बघितलं. ठकूचे दात नाहीसे झाले. जावळ गेलं. ती रांगत्या मुलाएवढी झाली, मग माझ्या दोन तळहातांत मावेल एवढी. मी तिला छातीशी घट्ट आवळलं. माझ्या हातात वारा आला. माझं पोट पुढे आलं, त्यात तिने एकदा लाथ मारली, आणि पोट सपाट झालं.

मग घंटी थांबली. घुमीही थांबली.

"बाबा, माजी ठकू?" मी चिमाजीला विचारलं.

घंटी का थांबली, ते थोड्याच वेळात कळलं. पायवाटेवरून हैबती येत होता. जिवंत, धुळीने माखलेला, हसणारा. भोरच्या बाजारातून आला होता. त्याने पिशवीतून नवीकोरी घंटी काढली.

"चंद्रीसाठी आणली. वाजवून तर बग!"

मी झडप घालून तिचा लोलक मुठीत धरला. "ठकू कुठं हाय?" मी ओरडले.

"कोन ठकू?" तो खरंच गोंधळला होता. मी त्याच्या छातीवर डोकं आपटून रडले आणि त्याचं काळीज आत धडधडत होतं. तेही मला हवंच होतं.

पुढच्या वर्षी मला मूल झालं. सुईण ओरडली, "मुलगा!" हैबतीने वाडीभर गूळ वाटला. पोर गोड होतं, त्याचा काय दोष? पण मी हमसून हमसून रडत होते. बायकांना वाटलं, आनंदाने रडतेय. एकीने माझ्याही तोंडात गुळाचा खडा घातला.