उणे पायरीवरचे देव

मुलांनो, डोळे मिटा आणि एक बारव मनात आणा. जमिनीलगतचा दगड म्हणजे शून्य. तिथून पाण्याकडे उतरत गेलेल्या पायऱ्या म्हणजे उणे एक, उणे दोन, उणे तीन. निजामाचं राज्य होतं तेव्हा वालूरजवळच्या एका खेड्यात मुंजाजी मास्तर पोरांना असंच मोजायला शिकवीत. रोज सकाळी पाणी किती पायऱ्या चढलं, एवढंच पोरांनी येऊन सांगायचं.

भादव्यात दहा वर्षांच्या तानीचा धाकटा भाऊ तापानं फणफणला. आईनं, नर्मदाबाईनं, देवांचे टाक पितळी डब्यात घातले आणि बारवेत अगदी पाण्याच्या कडेच्या पायरीवर बुडवून ठेवले. पोर बरं झालं की देव बाहेर काढीन, असा नवस ती बोलली. मग आठ दिवस झड लागली. नवव्या दिवशी ताप उतरला आणि पोरानं भाकरी मागितली. पण देव घरात आल्याशिवाय आई त्याच्या तोंडात घास घालायला तयार होईना.

डबा कोणत्या पायरीवर ठेवला, ते तिला सांगता येईना. पाणी वर चढलेलं, गढूळ. म्हातारा रायभान पट्टीचा बुडी मारणारा, पण छातीत आता एकाच बुडीचा दम उरला होता.

"कितवी पायरी तेवढं सांगा," तो म्हणाला. "चाचपडत बसलो तर माझ्या घरच्यांनाबी देव पाण्यात घालावे लागतील."

बारवेवर जमलेली माणसं, मुंजाजी मास्तरसुद्धा, वाकून गढूळ पाण्यात पाहत होती.

तानीला आठ दिवसांची बेरीज पाठ होती. पाणी सात पायऱ्या चढलं होतं आणि आज ते उणे सहावर होतं. सातातून सहा गेले, राहिला एक. "पहिली पायरी," ती म्हणाली.

मास्तरांनी नुसतं बोट दाखवलं. पहिली पायरी पाण्याच्या बरीच वर होती. तिच्यावर एक शेळी बसली होती. तानी खाली बघू लागली. घरी भाऊ उपाशी पडला होता.

मास्तर तिच्याशेजारी टेकले. "घाई नगं करू, पोरी. पाणी कुठनं तरी निघालं, सात चढलं अन् उणे सहाला आलं. मग त्याला माघारी कसं न्यायचं?"

"चढलं तितकंच उतरवायचं," तानी हळूच बोलली.

उणे सहाच्या खाली ती एकेक बोट दुमडत गेली. उणे सात, उणे आठ... सातवं बोट दुमडलं तेव्हा उणे तेरा आलं. मग तिनं पडताळा घेतला. उणे तेरावरून सात पायऱ्या चढली, तर बरोबर उणे सहाला पोचली.

"तेरावी, रायभानबाबा. पाण्याखालची सातवी."

रायभाननं कमरेला दोर बांधला आणि टोक तिच्या हाती दिलं. डबा सापडला तर दोन हिसके देईन, म्हणाला. पायऱ्या हातानं मोजत तो खाली गेला. पाणी पुन्हा स्थिर झालं. आई हात जोडून उभी होती.

दोराला एक हिसका बसला. मग दुसरा.

तानीनं पाय दगडाला रोवले आणि दोर ओढायला लागली.