पांडूचा वाटा

"काका, दोनच मिनिटं. आणि ते पांडूबिंडू नको, पब्लिक कंटाळतं," बाबांच्या कोटावरचं सेना मेडल सरळ करत निनाद म्हणाला.

माझं डोकंच फिरलं. हा निनाद पनवेलच्या सत्कार समितीचा सूत्रसंचालक. पांडूबिंडू म्हणे! आमच्या मोरा बंदरचे पांडूकाका बाबांबरोबरच फौजेत गेले, बाबांबरोबरच कारगिलची टेकडी चढले. जखमी कॅप्टनसाहेबांना आणायला दोघं सरपटत गेले. पांडूकाकांनी समोरचा गोळीबार अडवून धरला म्हणून बाबा साहेबांना ओढत खाली आणू शकले. पांडूकाका वरच राहिले. साहेबांनी शुद्धीवर आल्यावर पाहिलं ते एकट्या बाबांना, त्यामुळे शिफारशीत नाव एकाचंच गेलं. बाबांनी अर्जावर अर्ज केले. कुणी दाद दिली नाही.

फौजेतून सुटल्यावर बाबा पुन्हा होडीवर गेले. आमच्याकडे खलाशी आजारी पडला तरी मासळीत त्याचा वाटा काढतात. बाबा आपल्या वाट्यातली अर्धी मासळी पांडूकाकांची म्हणून वेगळी काढत आणि त्यांच्या बायकोला, गोदूकाकीला, नेऊन देत. "मेलेल्याचा कसला वाटा?" असं एकदा कुणीतरी म्हणालं, तर बाबा त्याच्या अंगावर धावून गेले.

आज काकीला आम्हीच घेऊन आलो होतो. समितीच्या बाईंनी तिला पुढच्या खुर्चीवरून उठवलं. "राखीव आहे हो, मागे बसा." मी भांडायला उठले, तर काकीनंच माझा हात धरला.

"राहू दे गं रूपा. खुर्ची काय करायची हाय? पंचवीस वर्सं झाली, एकदा त्यांचं नाव आयकायचं हाय," असं म्हणून ती शेवटच्या रांगेत जाऊन बसली.

शाल झाली, नारळ झाला. "एकट्याने शत्रूला भिडलेला वाघ, नाईक काशिराम कोळी!" निनाद किंचाळला.

बाबांनी माइक घेतला. "मी एकला नव्हतो. माज्यासंगती..."

निनादनं खूण केली. माइक बंद झाला, देशभक्तीचं गाणं दणाणलं, लोक टाळ्या पिटायला लागले. मेल्यांनो, ऐका तरी!

बाबांनी शाल काढून निनादच्या हातात कोंबली. "बंद कर तुजा बाजा."

"काका, प्लीज, पाहुण्यांना उशीर..."

"बंद कर म्हंतो ना!"

गाणं थांबलं. बाबा ताठ उभे राहिले आणि फौजेत हजेरी घेतात तसे कडाडले, "शिपाई पांडू गणू कोळी!"

मग मागे खुर्ची सरकली. गुडघ्यावर हात टेकून गोदूकाकी उठली आणि तिनं पदर सारखा केला.

"हजर हाय," ती म्हणाली.